धोंडीचा खटला : सूर्याच्या राज्यात पाऊस मागणं गुन्हा ठरतो तेव्हा

आरोप असा होता. पेरपट्टीतल्या एका गावातल्या सात पोरांनी कडूनिंबाचे डहाळे अंगाला गुंडाळले, मुसळाला बेडूक बांधला आणि भर दुपारी दारोदार फिरून पाणी मागितलं, म्हणजे धोंडी काढली. बायांनी त्यांच्या डोक्यावर लोटाभर पाणी ओतलं, सुपातून जवारी वाढली. भास्वती राज्याच्या कायद्यात या गुन्ह्याला छायायाचना म्हणतात. देवाच्या तोंडावर पडदा यावा अशी मागणी करणं, असा त्याचा खुलासा कायद्यातच दिलेला आहे. देव म्हणजे सूर्य, आणि त्याच्या नावानं राज्य चालवतं ते अर्कपीठ. शिक्षा वावराच्या जप्तीची. आरोपी लहान असतील तर आईबापाचं वावर जातं.

भास्वती नकाशावर नाही. वर्धा नदीच्या काठावरच्या एका गावात, समाजमंदिराच्या ओट्यावर, उन्हाळ्याच्या संध्याकाळी आम्ही काही जण कथाखेळ खेळतो. एकेकानं एकेक पात्र घ्यायचं, फासे टाकायचे, आणि जे घडेल ते निभवायचं. मी सूत्रधार असतो. आमच्यात कॉलेजात शिकणारी पोरंपोरी आहेत, पऱ्हाटी-तुरीचा एक तरुण कास्तकार आहे, अंगणवाडीच्या ताई आहेत आणि गावचे निवृत्त कोतवाल आहेत, ज्यांना सगळे काकाजी म्हणतात. मराठीत अशी काल्पनिक विश्वं रचणारे आता बरेच झालेत. बहुतेकांच्या राज्यात देऊळ आधी बांधलं जातं आणि शेत नंतर आठवतं. या एका खटल्यानं आम्हाला उलटा रस्ता दाखवला, म्हणून तो सविस्तर मांडतो आहे.

आधी ते विश्व कसं आहे ते सांगायला हवं, कारण खटल्यातला प्रत्येक युक्तिवाद त्यावरच उभा आहे. भास्वतीची धरती जात्याच्या तळीसारखी गोल आणि सपाट आहे. सूर्य मधोमध, खुंट्याच्या जागी, कायम वर टांगलेला. तो सरकत नाही. त्याच्यामागचं नक्षत्रांचं चाक फिरतं, म्हणून रोहिणी, मृग, आर्द्रा तिथंही लागतात. रात्र होते ती सूर्यावर झाकण येतं म्हणून. बरोबर सूर्याखाली माध्यान्ह नावाचं नगर आहे, तिथं कोणाचीच सावली पडत नाही. जसजसं कडेला जावं तसतशी सावली लांबत जाते, आणि अगदी काठावर सांजवट नावाचा थंड, ओलसर मुलूख लागतो. दोहोंच्या मध्ये पेरपट्टी. राज्याचं सगळं धान्य तिथंच पिकतं.

अर्कपीठाचे दावे दोन. पहिला, आमच्या पहाटेच्या मंत्रानं झाकण उघडतं. दुसरा, सावली म्हणजे देवाचं थकलेलं देणं; जितकी लांब सावली तितकं माणसाचं पाप मोठं. त्यामुळे माध्यान्हातला पुजारी जन्मतःच शुद्ध आणि सांजवटचा मेंढपाळ जन्मतःच कर्जदार. छायामापक नावाचे अधिकारी गावोगाव काठी रोवून सावली मोजतात आणि त्यावर किरणपट्टी ठरते. सहावा हिस्सा हा पाया, आणि सावलीच्या लांबीप्रमाणे वाढ. दूरच्या गरीब गावावर जास्त कर बसतो, आणि तोही धर्माच्या नावानं. ही कल्पना बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाच्या एका मुलीची. शासनाचं इतकं नेमकं चित्र मला सुचलं नसतं.

सुरुवातीला आमच्या डोळ्यांपुढे इजिप्तचा अखेनातेन होता. इसवी सनपूर्व चौदाव्या शतकात, साधारण १३५३ ते १३३६ या काळात, त्यानं आतेन या सूर्यबिंबाला राज्याचा देव केलं, अमून देवाचं नाव शिलालेखांवरून खोडायला लावलं आणि आज जिथं अमार्ना आहे तिथं नवी राजधानी वसवली. आतेनची देवळं बिनछपराची होती, ऊन थेट नैवेद्यावर पडावं म्हणून. त्या काळच्या पत्रव्यवहारात असीरियाच्या राजानं इजिप्तच्या राजाला पाठवलेलं एक पत्र आहे. त्यात तो विचारतो की माझ्या दूतांना उन्हात का उभं ठेवता, ते तिथंच मरतील. त्यानं राजाचा काही फायदा होत असेल तर खुशाल मरू द्या. मी हे वाचून दाखवलं तेव्हा काकाजी म्हणाले, "मंग आपल्या कोर्टालेबी छप्पर नको. आरोपी उन्हात उभा राहीन." तसं ठरलं.

पण अखेनातेनच्या देशात पाऊस जवळजवळ पडत नाही. शेती नाईलच्या पुरावर. आतेनच्या स्तोत्रात परदेशच्या लोकांसाठी देवानं आकाशात एक नाईल ठेवली आहे असं म्हटलंय. म्हणजे पाऊस ही दुसऱ्यांची गरज, आपली नव्हे. तिथं एकट्या सूर्यावर राज्य उभारायची हिंमत करता येते. पेरूतल्या इंका राजांचा मूळ देवही सूर्यच, इंती. कुस्कोच्या कोरिकांचात त्याचं मुख्य देऊळ, आणि जमिनीचा एक वाटा धर्मासाठी, एक राजासाठी, एक गावासाठी. तरी त्यांनी गडगडाट आणि पावसाचा देव इयापा सूर्याच्या शेजारी ठेवलाच. डोंगरउतारावरच्या मक्याला आणि बटाट्याला पाणी वरूनच यायचं होतं.

विदर्भात बसून सूर्याचं राज्य रचायचं तर हा फरक टाळून चालत नाही. इथली बहुतेक शेती कोरडवाहू. आणि आपल्या मातीत सूर्याला एकटं ठेवलेलं मी कुठं पाहिलेलं नाही. वीरगळावर सूर्याच्या शेजारी चंद्र असतो, जुन्या दानलेखांत दोघंही साक्षीला असतात, मेळघाटातल्या कोरकूंच्या लाकडी स्मृतिफळ्यांवरही जोडीनं कोरलेले असतात. भास्वतीत मात्र सूर्य एकटा होता. खटला तिथूनच उगवला.

मे महिन्याच्या उत्तरार्धात आम्ही एक प्रयोग केला. विदर्भ कर्कवृत्ताच्या दक्षिणेला आहे, त्यामुळे वर्षातून दोनदा सूर्य बरोबर माथ्यावर येतो. नागपूरला पहिला दिवस २६ मेच्या आसपास, चंद्रपूर-गडचिरोलीकडे पाच-सहा दिवस आधी. दुसरा जुलैमध्ये, पण तेव्हा आभाळ भरलेलं असतं आणि कोणाच्या ध्यानातही येत नाही. अंगणवाडीच्या ताईंनी घरचं मुसळ आणलं. ओट्यासमोरच्या फरशीवर ते ओळंब्यानं सरळ उभं केलं. बारा वाजता पश्चिमेला बोटभर सावली होती. ती मुसळाच्या लोखंडी कड्याकडे आक्रसत गेली, आणि बारा वाजून दहा-बारा मिनिटांनी बुडाभोवती काहीच उरलं नाही. पोरं आपापल्या पायांकडे बघत होती. फरशी इतकी तापलेली की चप्पल काढणं शक्य नव्हतं. दोन-तीन मिनिटांत दुसऱ्या बाजूनं काळी कड दिसू लागली.

अर्कपीठाचा माणूस हे बघून गुडघे टेकणार यात शंका नाही. पण त्याच तारखांना नवतपा सुरू होतो, चंद्रपूर-ब्रह्मपुरीत पारा ४६-४७ अंशांना भिडतो, आणि रस्त्यावर चिटपाखरू नसतं. देव माथ्यावर असतो त्या घटकेला भक्त घरात दडतो. तरुण कास्तकार म्हणाला, "तापू द्या. रोहिणीत तापलं नाही तं मृग बरसत नाही." उन्हाळवाहीत नांगरून टाकलेली जमीन उन्हानं भाजली की बोंडअळीचे कोष मरतात, हेही त्यानंच सांगितलं. म्हणजे सूर्य कास्तकाराचा वैरी नाही. मेमध्ये हवा असतो, जूनमध्ये झाकलेला हवा असतो. पीठाच्या पोथीत जूनची तजवीजच नव्हती.

खेळात पाऊस फाशांवर ठरतो. मृगापासून हस्तापर्यंत नऊ नक्षत्रं, प्रत्येकाला दोन फासे. त्या वर्षी मृग कोरडा गेला. त्याआधीची दोन वर्षंही बेताचीच होती. ताईंचं पात्र पेरपट्टीतल्या एका आईचं. तिनं कोणाला न विचारता मुलीच्या अंगाला निंबाचे डहाळे बांधले. मला हे अपेक्षित नव्हतं, पण लहानपणी या गावात ज्यानं त्यानं धोंडी पाहिलेली आहे. खेळणाऱ्यांनी ती खेळात आणली यात नवल नव्हतं. छायामापकाचं पात्र त्या कास्तकाराकडे होतं. त्यानं कायद्यावर बोट ठेवून मुलांना पकडलं.

इथं एक गोष्ट मुद्दाम नोंदवतो. छायामापकाला आम्ही खलनायक केलं नाही, आणि त्यानं खटला फार उंचीवर गेला. त्याचं म्हणणं सरळ होतं. ढग सांजवटहून येतात, म्हणजे जिथं देवाचं तेज पोचत नाही तिथून. आज ढग मागाल, उद्या रात्र मागाल. आणि लोकांनी आपल्या गरजेप्रमाणे देवाला झाकायची मोकळीक घेतली तर सावलीवरचा कर कशाच्या आधारानं वसूल करायचा? धर्माच्या नावानं चालणाऱ्या शासनाची खरी भीती त्यानं नेमकी पकडली होती. एक अपवाद मान्य केला की सगळी मापं सैल होतात.

बचाव त्या बी.ए.च्या मुलीकडे होता. तिचा पहिला मुद्दा असा की पोरांनी सावली मागितलीच नाही, पाणी मागितलं. काकाजी दंडधर, म्हणजे न्यायाधीश, म्हणून बसले होते. त्यांनी तो एका वाक्यात मोडला: "बिना ढगाचा पाऊस पाह्यला का कोणी?" मग तिनं आईला साक्षीला उभं केलं.

"तुम्ही लुगडं धुऊन वाळत घालता?"

"घालतो नं."

"त्यातलं पाणी कुठं जाते?"

"ऊन नेते. अजून कोण नेईन?"

"म्हणजे देव नेतो."

"हो, तोच नेते."

"नेलेलं परत मागितलं तर गुन्हा होते का?"

छायामापकानं हरकत घेतली की देवानं नेलेलं परत द्यायचं की नाही हे देव ठरवेल. तेव्हा तिनं पीठाची स्वतःची पोथी काढली. कर का घ्यायचा याचं समर्थन लिहिताना आम्ही रघुवंशाच्या पहिल्या सर्गातला दिलीप राजाचा दाखला घेतला होता. तो प्रजेच्या भल्यासाठीच कर घेई, जसा सूर्य हजारपटीनं परत द्यायलाच पाणी ओढून घेतो. अर्कपीठानं हेच वचन प्रत्येक खळ्यावर कोरून ठेवलं होतं. मुलगी म्हणाली, हे वचन खरं असेल तर ढग हा देवाचाच परतावा आहे आणि तो मागणं ही भक्ती आहे. वचन खोटं असेल तर किरणपट्टी ही लूट आहे. दंडधरांनी कोणतं ते सांगावं.

धर्मशासनाला कोंडीत पकडायचं असेल तर त्याच्या देवावर प्रश्न करून फार काही होत नाही. त्याच्या वसुलीच्या समर्थनावर प्रश्न करावा, कारण ते समर्थन त्यानं स्वतःच चारचौघांत मांडलेलं असतं.

काकाजींपुढे मार्ग तीन-चार होते. शिक्षा द्यावी तर पेरपट्टी बिथरणार, आणि धान्य तिथूनच येतं. निर्दोष सोडावं तर छायामापकाची काठी उद्यापासून कोणी मानणार नाही. काणाडोळा करण्याची वेळ खटला उभा राहिला तेव्हाच गेली. त्यांनी बराच वेळ घेतला आणि मग जे म्हणाले ते त्यांच्या कोतवालकीतून आलं होतं: "म्या गावात दवंडी पिटली आहे. जो हुकूम पाळल्या जाणार नाही, तो देऊच नये. पण पोट्ट्यायले मोकळं सोडलं तं पीठाचं काय राह्यते?" त्यांनी परवाना दिला. धोंडी निघेल, पण छायामापक सांगेल त्याच दिवशी. पहिला लोटा सूर्याला, मग मुलांच्या डोक्यावर. बेडकाला पीठाचा दूत मानलं जाईल. आणि गावानं पायलीभर जवारी शुल्क म्हणून द्यायची.

त्या वेळी हा निकाल सगळ्यांना शहाणपणाचा वाटला. लोकांची प्रथा वाचली, शासनाचा मान राहिला. आर्द्रेचे फासेही चांगले पडले. पाऊस झाला आणि पीठानं गावोगाव दवंडी दिली की आमच्या परवान्यानं देव प्रसन्न झाला.

पुढच्या वर्षी मृग वेळेवर बरसला. आपल्याकडे कृषी खातं सांगतं की ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका. पेरपट्टीत असा सल्ला देणारं कोणी नव्हतं, पण परवाना हाती होता, म्हणून लोकांनी पहिल्याच पावसावर पेरलं. मग आर्द्रा कोरडी, पुनर्वसू कोरडं. कोंब करपले. दुबार पेरणीला बियाणं नव्हतं. लोक शिक्का मारलेला परवाना घेऊन बिनछपराच्या कोर्टात आले. यावेळी त्यांच्याकडे बेडूक नव्हता. प्रश्न एकच होता: परवाना तुमचा, शुल्क तुमचं, दूत तुमचा, पाणी कुठं आहे?

माझ्या मते या प्रकरणाचं मर्म इथं आहे. परवान्याच्या आधी दुष्काळ हा कोणाचाच दोष नव्हता. अर्कपीठाचा पावसाशी संबंधच नव्हता. ते झाकण उघडत होतं, आणि झाकण रोज उघडत होतंच. रोज घडणाऱ्या गोष्टीचं श्रेय घेणारं शासन सुरक्षित असतं. धोंडीवर शिक्का मारला त्या दिवशी पीठानं अशा गोष्टीची जबाबदारी घेतली जी कधी घडते, कधी घडत नाही. मिळालेलं श्रेय एका हंगामाचं होतं. आलेला दोष कायमचा.

आपल्या इथली भेंडवळची घटमांडणी याच्या शेजारी ठेवून पाहावी. बुलढाणा जिल्ह्यात जळगाव जामोदजवळच्या या गावी अक्षय्य तृतीयेला वावरात घट मांडतात. मधल्या खड्ड्यात पावसाच्या चार महिन्यांची चार ढेकळं, त्यावर पाण्यानं भरलेली घागर, तिच्यावर पापड, वडा, करंजी, आणि सोबत पानविडा. भोवती अठरा धान्यं. दुसऱ्या दिवशी पहाटे काय हललं, काय कोरडं राहिलं, ते पाहून पावसाचं, पिकांचं आणि विड्यावरून राजाचंही भाकीत सांगतात. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांचा त्यावर आक्षेप आहे आणि तो मला योग्य वाटतो. ढेकूळ किती विरघळलं यावर कोणी पेरणी ठरवू नये. पण शासनाच्या अंगानं पाहिलं तर एक गोष्ट लक्षात येते. तिथं भाकीत सांगणाऱ्याकडे कर नाही, शिक्का नाही, शिक्षा नाही. अंदाज चुकला तरी गादी हलत नाही, कारण गादीच नाही. अर्कपीठानं तेच काम गादीवर बसून करायला घेतलं.

दुसऱ्या सुनावणीत बचाव करणाऱ्या मुलीनं माफी मागितली नाही, परतावा मागितला. सूर्य हजारपटीनं देतो असं खळ्यावर कोरलं आहे. आम्हाला हजारपट नको, दोन वर्षांची किरणपट्टी बियाणं म्हणून परत द्या. छायामापकानं, म्हणजे त्या कास्तकारानं, पहिल्यांदाच पीठाच्या बाजूनं बोलायला नकार दिला. त्यानं फक्त सावलीची नोंदवही पुढे ठेवली. दोन वर्षांत सावली तसूभरही बदलली नव्हती, पीक मात्र अर्ध्यावर आलं होतं. सावली आणि पाप यांचा जो हिशेब पीठ सांगत होतं तो त्याच्याच वहीत जुळत नव्हता.

काकाजींनी कोठारं उघडायला लावली, पण एका हंगामापुरती, आणि उसनवारीनं. कर रद्द केला नाही. परवाना मागे घेतला: धोंडी आता गावाची, पीठ तिच्यात पडणार नाही, श्रेयही घेणार नाही. आणि पेरपट्टीची एक मागणी त्यांनी अनपेक्षितपणे मान्य केली. कोर्टात मेघाचं एक लहानसं आसन मांडायचं, सूर्याच्या पायरीखाली, आणि त्याच्यावर मांडव घालायचा. आरोपी त्याच मांडवाखाली उभा राहील. माध्यान्हातल्या पुजाऱ्यांचं पात्र करणाऱ्या दोघांनी याला कडाडून विरोध केला. त्यांच्या मते बिनसावलीच्या नगरात सरकारी खर्चानं पाडलेली पहिली सावली म्हणजे पीठाचा शेवट. ताईंचं मत उलटं आहे: मांडव घातला म्हणूनच पीठ आणखी काही पिढ्या टिकेल.

मला ताईंचं पटतं, पण मांडवाचा खर्च कुठून येणार यावर अजून निकाल झालेला नाही. पुजारी म्हणतात पेरपट्टीनं द्यावा, पेरपट्टी म्हणते पहिल्या वर्षी शुल्क म्हणून घेतलेल्या जवारीतून द्यावा. ती जवारी कोणत्या कोठारात आहे याची नोंद छायामापकाच्या वहीत नाही. आता मृग लागेल आणि सगळे पेरणीत गुंततील, तेव्हा पुढची बैठक पोळ्यानंतर, आणि त्या बैठकीत पहिली साक्ष कोठाराच्या राखणदाराची ठेवली आहे.